गवताचा वणवा माणसाला वेळ देत नाही

पाटण तालुक्यातल्या एका डोंगरवाडीवरच्या शिक्षिकेने विचारलं आहे: "हवाई बेटांवरचं लाहायना शहर एका दुपारीत जळून गेलं, शंभरावर माणसं गेली, हे मुलांना सांगताना मलाच प्रश्न पडला. आमच्या वाडीवरचा डोंगर दर उन्हाळ्यात पेटतो. जुनी माणसं म्हणतात, आपल्याकडच्या वणव्यात माणूस मरत नाही, गवत जळतं आणि विझतं. हे खरं आहे का? आग एवढ्या झपाट्याने पसरते कशी? आणि वाडीतली पोरं विझवायला वर धावतात, त्यांना जाऊ द्यावं की अडवावं?"

ताई, पहिल्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो. ते खरं नाही. आपल्याकडे वणव्यात माणसं मरतात, पण एकेकटी मरतात, म्हणून त्यांची बेरीज कुणी करत नाही. सातारा, सांगली, कोल्हापूरच्या स्थानिक पानांवर फेब्रुवारी ते मे या काळात चार ओळींची एक बातमी पुन्हा पुन्हा येते: बांध पेटवताना वृद्ध शेतकऱ्याचा होरपळून मृत्यू. गाव बदलतं, नाव बदलतं, वय साधारण तेच असतं, साठी-सत्तरीच्या पुढचं. मी वनखात्यात वनरक्षक म्हणून लागलो आणि वनपाल म्हणून निवृत्त झालो. पाटण, मेढा, शिराळा या पट्ट्यात काम केलं आणि आता गावोगावच्या पोरांना आग हाताळायला शिकवतो. मोठ्या जंगलाच्या आगीपेक्षा या चार ओळींच्या बातम्यांनी मला जास्त छळलं आहे, कारण यातला जवळजवळ प्रत्येक मृत्यू टाळता आला असता.

ते असं घडतं. पावसाळ्याआधी रान साफ करायचं म्हणून म्हातारा किंवा म्हातारी अकरा-बाराच्या सुमाराला बांधावरचं गवत पेटवते. एकटीच. सकाळभर वारा पडलेला असतो, म्हणून काळजी वाटत नाही. दुपार चढते तसा वारा उठतो आणि आग शेजाऱ्याच्या उसाकडे किंवा वैरणीच्या गंजीकडे वळते. आता माणसाला आगीपेक्षा शेजाऱ्याच्या नुकसानीची धास्ती वाटते. भांडण होईल, भरपाई मागतील, गावात तोंड दाखवायला जागा राहणार नाही. त्या धास्तीने तो फांदी घेऊन आगीच्या तोंडाशी जातो, म्हणजे जिकडे ज्वाळा धावतात त्याच बाजूला. धूर छातीत जातो, चक्कर येते, माणूस खाली बसतो, आणि धोतर किंवा लुगडं पेट घेतं. कंबरेएवढ्या गवताची आग. कुणाला हाक मारावी तर हाकेच्या अंतरावर कुणी नसतं.

लाहायनाही गवताचीच आग होती. हे आपल्या भागातल्या लोकांना मुद्दाम सांगायला हवं. कारण वणवा म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे उंच झाडांचं घनदाट जंगल येतं, आणि आपल्याकडे तसं जंगल कुठे आहे असं म्हणून माणूस निश्चिंत होतो. लाहायनाच्या वरच्या उतारांवर शंभरहून अधिक वर्षं ऊस होता. तिथला साखर कारखाना १९९९ मध्ये बंद पडला, रानं पडीक राहिली, आणि बाहेरून आणलेल्या चाऱ्याच्या गवतांनी ती जमीन व्यापली. पाऊस पडला की ती गवतं पुरुषभर वाढतात आणि उन्हाळ्यात वाळून कोळ होतात. ८ ऑगस्ट २०२३ रोजी डोंगरावरून सुटलेल्या सोसाट्याच्या वाऱ्यात विजेच्या तुटलेल्या तारांमुळे ते गवत पेटलं. १०२ माणसं गेली आणि दोन हजारांहून अधिक इमारती जळाल्या. गेलेल्यांपैकी बहुतेक साठीच्या पुढचे होते. ऊस, पडीक रान, वाळलेलं गवत, लोंबत्या तारा, वारा आणि घरात थांबलेली म्हातारी माणसं. यातलं काय आपल्याकडे नाही?

आता वेगाबद्दल. आग पळते म्हणजे ती पुढच्या गवताला आधी वाळवते, तापवते आणि मग पेटवते. गवताची काडी बारीक असते, तिला तापायला क्षणही लागत नाही. जाड लाकूड हवेतला ओलावा धरायला आणि सोडायला दिवसच्या दिवस घेतं, वाळलेलं गवत मात्र तासाभरात हवेबरोबर बदलतं. म्हणून जे गवत सकाळी सातला दवाने मऊ असतं आणि काडी लावली तरी धुमसून विझतं, तेच दुपारी दोनला हातात चुरगळलं की चुरा होतो आणि ठिणगीने पेटतं. पश्चिमेकडच्या आपल्या डोंगरांवर पाऊस धो धो पडतो, त्यामुळे गवतही उदंड येतं. लोकांना वाटतं की आमच्याकडे एवढा पाऊस, आम्हाला वणव्याचं काय भय. प्रत्यक्षात पावसाळा जितका चांगला, तितकं फेब्रुवारीत डोंगरावर जळण जास्त.

दुसरी गोष्ट चढाची. काडेपेटीची काडी पेटवून तिचं डोकं खाली धरा, बोटं भाजतील इतक्या लवकर ती वर जळत येते. डोंगराच्या चढावर तेच होतं. ज्वाळा वरच्या गवतावर कलतात, त्याला जवळून तापवतात, गरम हवा वर ओढली जाते. आग विझवणाऱ्यांचा एक ढोबळ हिशेब आहे: दर दहा अंश चढाला आगीचा वेग साधारण दुप्पट होतो. सपाटीवर तुमच्याबरोबर चालणारी आग वीस अंशांच्या उतारावर चौपट वेगाने वर येते, आणि सह्याद्रीच्या कुशीत वीस अंश म्हणजे काहीच नाही. तोच चढ माणसाचा वेग मात्र कमी करतो. कुसळी गवतात, सुट्या दगडांवरून, धुरात धापा टाकत चढणारा धट्टाकट्टा तरणाही तासाला चार-पाच किलोमीटरच्या वर जात नाही. वाऱ्याची साथ असलेली गवताची आग त्याला सहज गाठते. घळीत आणि खिंडीत तर धुराड्यासारखी ओढ तयार होते. खालून पेटलेली घळ काही मिनिटांत माथ्याला भिडते. माझ्या पोरांना मी पहिल्याच दिवशी सांगतो की खाली आग असताना घळीत उतरायचं नाही, कुणी कितीही हाका मारल्या तरी.

पण आग नेहमी वरच जाते, हा समजही तितकाच घातक आहे, आणि डोंगराच्या पायथ्याच्या वाड्यांमध्ये तो फार रुजलेला आहे. 'वर पेटलंय ना, मग वरच जाईल.' लाहायनाचा वारा डोंगरावरून समुद्राकडे वाहत होता आणि आग उतारावरून खाली शहरात आली. वाऱ्यापुढे चढ हरतो. शिवाय पेटलेले ओंडके, जळत्या शेणी, फुटलेले दगड गडगडत खाली येतात आणि तुमच्या मागे, म्हणजे ज्या बाजूने परतायचं त्याच बाजूला, नवी आग लावतात.

वारा फिरणं ही तिसरी गोष्ट, आणि माणसं मारण्यात सगळ्यात पुढे. ७ फेब्रुवारी २००९ रोजी ऑस्ट्रेलियातल्या व्हिक्टोरिया राज्यात एका दिवसात १७३ माणसं वणव्यांत गेली. मेलबर्नमध्ये तापमान ४६ अंशांवर गेलं होतं. त्यातल्या एकट्या किलमोर ईस्टच्या आगीने ११९ जीव घेतले. दिवसभर वायव्येच्या वाऱ्याने आग लांबट पट्ट्यासारखी पुढे जात होती. संध्याकाळी वारा नैऋत्येचा झाला, आणि त्या लांबलचक पट्ट्याची सबंध बगल एका क्षणात आगीचं तोंड झाली. बगलेला राहणाऱ्या लोकांना वाटत होतं की आग आपल्या बाजूने निघून चालली आहे.

आपल्याकडे एवढं भयंकर हवामान होत नाही, पण वारा फिरण्याचं वेळापत्रक रोजचं आहे. उन्हाळ्यात सकाळी वारा मंद असतो. दहा-अकरानंतर तापलेल्या उतारांवरून हवा वर चढू लागते. तिसऱ्या प्रहरी समुद्राकडचा पश्चिमेचा वारा घाट चढून येतो आणि पठारांवर जोर धरतो. चाळकेवाडी, वनकुसवडेच्या पठारावर पवनचक्क्या उगाच उभ्या केलेल्या नाहीत. दुपारी दोनला जी आग तुमच्यापासून दूर चालली होती, ती पाच वाजता तुमच्याकडे तोंड करू शकते. पोरं बहुतेक वेळा शेतातली कामं आटोपून याच वेळेला वर निघतात.

लाहायनाबद्दल अजून एक गोष्ट सांगायची राहिली. ती आग सकाळीच लागली होती आणि सकाळीच विझवली होती. साडेसहाच्या सुमाराला पेटली, नऊच्या आसपास ती पूर्ण आटोक्यात आल्याचं जाहीर झालं, नंतर जवान दुसरीकडे गेले. दुपारी तीनच्या सुमाराला त्याच भागातून धूर निघाला. पुढच्या तपासात निष्पन्न झालं की दुपारची आग ही सकाळच्याच आगीतल्या उरलेल्या निखाऱ्यांची होती. म्हणून मी विझवण्यापेक्षा विझवल्यानंतरच्या दोन तासांवर जास्त जोर देतो. वाळलेलं खोड, वाळवीचं वारूळ, शेणाचा पो, जुन्या झाडाची ढोली, करवंदीच्या जाळीखालचा पालापाचोळा, यांत निखारा रात्रभर तग धरतो. हाताची पालथी बाजू राखेच्या जवळ नेऊन ऊब तपासायची, काठीने उकरायचं, माती टाकायची, पाणी असेल तर ओतून पुन्हा उकरायचं. आणि दुसऱ्या दिवशी दुपारी, वारा उठायच्या आधी, दोघांनी पुन्हा एक फेरी मारायची. पोरांना याचा कंटाळा येतो. ज्वाळा दिसत नाहीत तिथे राबायला उत्साह राहत नाही. तुम्ही शिक्षिका आहात, हा कंटाळा तुम्ही मोडू शकाल.

ठिणग्यांचं गणितही घरांच्या बाबतीत कळीचं आहे. मोठ्या वणव्यांत बरीच घरं ज्वाळांच्या भिंतीने पेटत नाहीत. वाऱ्यावर उडून आलेले निखारे छपराच्या फटीत, वळचणीच्या पालापाचोळ्यात, अंगणातल्या जळणात पडतात आणि घर आतून पेटतं. एक घर पेटलं की त्याची धग शेजारच्या घराला. आपल्या वाड्यांवर घराला चिकटून कडब्याची गंजी असते, गोठ्याच्या माळ्यावर वैरण भरलेली असते, परसात शेणींचा हुडवा असतो. आग वाडीत शिरली तर ती इथूनच शिरणार. आणि गोठ्यात जनावरं दाव्याला बांधलेली असतात. धनगरवाड्यांवर मी जळालेली जनावरं पाहिली आहेत. मोकळं जनावर आपली वाट काढतं, बांधलेलं जागेवर मरतं. डोंगर पेटलेला दिसला की गोठ्याकडे जाऊन आधी दावी सोडायची, हे घरातल्या लहान मुलालाही माहीत असावं.

एवढा वेग असताना माणसं वाचणार कशी? इथे मला माझं ठाम मत सांगायचं आहे. वणव्यात माणूस वाचतो तो बहुधा आधी निघाल्यामुळे, आणि आधी निघता येतं ते कुणीतरी वेळेत सांगितल्यामुळे. लाहायना ज्या बेटावर आहे त्या माउईवर धोक्याचे ऐंशी भोंगे आहेत. त्या दिवशी एकही वाजला नाही. तिथल्या आपत्ती व्यवस्थापनाच्या प्रमुखांनी नंतर कारण दिलं की भोंगा ऐकून लोकांना त्सुनामी वाटली असती आणि ते डोंगराकडे, म्हणजे आगीकडे, पळाले असते. वीज गेली, फोन बंद पडले. लोकांना आगीची बातमी कळली ती खिडकीतून दिसलेल्या धुराने. बाहेर पडायचे रस्ते मोजके, ते गाड्यांनी तुंबले, आणि कित्येकांनी समुद्रात उड्या टाकून तासन् तास पाण्यात काढले. कॅलिफोर्नियातलं पॅराडाइज ८ नोव्हेंबर २०१८ ला जळालं तेव्हाही ८५ माणसं गेली. आग भल्या सकाळी डोंगरात लागली आणि दोनेक तासांच्या आत सव्वीस हजार वस्तीच्या शहरात पोहोचली. विभागवार शहर रिकामं करायची योजना कागदावर होती, पण अनेकांपर्यंत निरोप गेलाच नाही. तिथेही गेलेल्यांत बहुसंख्य म्हातारी, आजारी, स्वतः गाडी चालवू न शकणारी माणसं. जानेवारी २०२५ मध्ये लॉस एंजेलिसजवळ आल्टाडेना जळालं, तिथे पश्चिमेच्या वस्तीला घरं सोडायची सूचना काही तास उशिरा गेली, आणि बहुतेक मृत्यू त्याच वस्तीत झाले.

आपल्याकडे उपग्रहाची सोय आहे. डेहराडूनच्या भारतीय वन सर्वेक्षण संस्थेकडून आगीच्या ठिकाणाचे संदेश मोबाइलवर मिळतात आणि त्यासाठी सामान्य माणसालाही नाव नोंदवता येतं. तुम्ही नोंदवा. पण त्यावर विसंबू नका. तो उपग्रह दिवसातून ठरावीक वेळीच आपल्या डोक्यावरून जातो, दुपारी दीडच्या सुमाराला आणि रात्री दीडच्या सुमाराला. तीनला लागलेलं गवत सहापर्यंत जळून काळं झालेलं असतं. वाडीला खरा इशारा देणार तो समोरच्या टेकाडावर गुरं राखणारा माणूस. त्याच्याकडे कुणाचा नंबर आहे, तो फोन कुठे लागतो आणि कुठे लागत नाही, फोन लागला नाही तर देवळातली घंटा कशी वाजवायची, हे जानेवारीत ठरलेलं असावं. घंटेचा एक वेगळा ठेका ठरवा, आरतीचा नाही आणि कुणी गेल्याचाही नाही, आणि ऐकल्यावर कुठे जमायचं तेही ठरवा. माउईचा भोंगा नेमका याच कारणाने मुका राहिला.

आता पोरांचं. अडवू नका, पण असंच जाऊही देऊ नका. भारतीय वन अधिनियम १९२७ च्या कलम ७९ प्रमाणे जंगलातून चारा, सरपण, हक्क घेणाऱ्यांवर आगीची खबर देण्याचं आणि विझवायला मदत करण्याचं कर्तव्यच आहे. वनखात्याकडे एका बीटाला, म्हणजे जंगलाच्या एका नेमून दिलेल्या हद्दीला, एक वनरक्षक असतो, त्याच्या हाताखाली हंगामी मजूर, त्याच्या वाट्याला डोंगरच्या डोंगर. गावाच्या मदतीशिवाय आपल्याकडची आग विझत नाही. पण गेलेल्या पोराच्या आईला कायद्याचं कलम काय सांगणार?

म्हणून माझ्या अटी अशा आहेत. नायलॉन, टेरिकॉट, खेळाचे चकचकीत शर्ट, ट्रॅक पँट घालून कुणीही वर जायचं नाही. ते कापड वितळून कातडीला चिकटतं आणि डॉक्टरांना ते कातडीसकट काढावं लागतं. पूर्ण बाह्यांचा सुती शर्ट, जाड सुती पँट, चामड्याचे बूट, डोक्याला सुती टापशी. चप्पल घातलेला पोरगा सरळ घरी पाठवा, रडला तरी. एकट्यादुकट्याने जायचं नाही. एक अनुभवी माणूस आगीला हात न लावता उंचावर, समोरच्या धारेवर उभा राहील आणि फक्त आग, वारा आणि पोरं यांच्यावर नजर ठेवील. आमच्या प्रशिक्षणात ही माझी पहिली अट असते आणि गावात सगळ्यात जास्त वाद हिच्यावरच होतो, कारण 'एक हात कमी झाला' असं वाटतं. त्या माणसाची शिट्टी वाजली की हातातलं टाकून निघायचं. कुठे निघायचं ते आधी ठरलेलं हवं.

आगीला भिडायचं ते पिछाडीकडून, जळून गेलेल्या बाजूने, आणि बगलेने पुढे सरकत तिचं तोंड अरुंद करत न्यायचं. एक पाय नेहमी काळ्यात, म्हणजे जळालेल्या भागात. तोंडासमोर उभं राहायचं नाही आणि आगीच्या वरच्या अंगाला तर कधीच नाही. हिरव्या फांदीने जोरात आपटलं तर ठिणग्या उडतात. फांदी दाबून, आगीकडे ओढल्यासारखी फिरवायची. ब्लोअर असेल तर उत्तम, पण पेट्रोलची कॅन आगीजवळ न्यायची नाही. ज्वाळा कंबरेच्या वर गेल्या तर हाताने विझवण्याचा नाद सोडायचा आणि मागे येऊन रस्ता, ओढा, नांगरलेलं रान किंवा आधी काढलेली जाळरेषा, म्हणजे गवत काढून मोकळा केलेला पट्टा, यांच्या आधाराने अडवायची. ज्वाळेच्या उंचीच्या निदान चौपट अंतर सुरक्षित समजतात, तेही सपाटीवर आणि वारा नसताना. दिवेलागणीनंतर वारा पडतो, गवत ओलावा धरतं, आणि दुपारी जी आग वीस जणांना आवरत नव्हती ती रात्री आठ जणांना आवरते. थांबणं हे वणव्यातलं मोठं काम आहे. पोरांना ते भित्रेपण वाटतं, त्यांना हे वारंवार सांगावं लागतं.

सापडलाच माणूस कोंडीत, तर? ११ मार्च २०१८ ला तमिळनाडूत थेनी जिल्ह्यातल्या कुरंगणीच्या डोंगरात गिर्यारोहकांचे गट उतरत असताना गवत पेटलं. त्यांत तरुण मुली बऱ्याच होत्या. गोंधळात माणसं वाट फुटेल तिकडे पळाली, काही घळीत पडली. डोंगरावर मिळालेले मृतदेह नऊ होते, आणि पुढच्या दिवसांत रुग्णालयांतून तो आकडा २३ वर गेला. वासोटा, कोयना, ठोसेघर, चांदोली या बाजूला मार्च-एप्रिलमध्ये भटकायला येणाऱ्या प्रत्येक गटाने ती घटना माहीत करून घेतली पाहिजे. आग दिसली की चढाच्या दिशेने पळायचं नाही. बगलेकडे सरकायचं आणि काळं रान, उघडा कातळ, रस्ता, ओढ्याचं कोरडं पात्र यांपैकी जे जवळ असेल ते गाठायचं. आपल्या पठारांवर उघडे सडे भरपूर आहेत, तिथे जळायला काही नसतं. पातळ, गुडघ्याखालच्या ज्वाळेतून पलीकडे काळ्या रानात दोन उड्यांत जाता येतं, पण पलीकडचं दिसत असेल तरच. काहीच हाती नसेल तर खड्ड्यात किंवा उघड्या मातीवर पालथं पडायचं, तोंड मातीकडे, अंगावर घोंगडी. लोकर सहजी पेट घेत नाही, काळी पडते आणि विझते. आपल्या धनगरांच्या खांद्यावर जे आहे त्याइतकं चांगलं कवच डोंगरावर दुसरं मिळणार नाही. चारचाकी असेल तर ती मोकळ्या जागी लावून, काचा बंद करून, खाली वाकून आत बसायचं. मोटरसायकलवरून धुरात शिरायचं नाही.

अमेरिकेत मॉन्टाना राज्यातल्या मॅन गल्चमध्ये ५ ऑगस्ट १९४९ ला गवताळ उतारावर आग विझवणाऱ्यांच्या तुकडीमागे आग लागली. त्यांचा म्होरक्या वॅग्नर डॉज याने समोरचं गवत स्वतःच पेटवलं, ते जळून गेल्यावर त्या गरम राखेत पडून राहिला आणि वाचला. तो इतरांनाही बोलावत होता. कुणी ऐकलं नाही, सगळे चढाकडे पळाले, आणि तेरा जण मेले. शेवटचा उपाय म्हणून हे माहीत असावं. एरवी काडेपेटी खिशात घेऊन डोंगरावर जायचं कारण नाही.

भाजलेल्या माणसाबद्दल. कपडे पेटले तर पळू द्यायचं नाही, जमिनीवर लोळवायचं, घोंगडी टाकायची. मग वाहतं साधं पाणी, वीस मिनिटं, घाई न करता. बर्फ नाही. बांगड्या, अंगठी, जोडवी, करगोटा लगेच काढा, सूज आली की निघत नाहीत. चिकटलेलं कापड ओढू नका, फोड फोडू नका. टूथपेस्ट, शाई, हळद, लोणी, शेण यांतलं काहीही लावू नका. स्वच्छ धुतलेल्या सुती कापडाने झाका. अंग फार भाजलं असेल, विशेषतः लहान मूल किंवा म्हातारं माणूस असेल, तर पाण्यानंतर ऊब द्या, थंडीने ते दगावतं. १०८ ला फोन करताना किती भाजलं ते सांगा: एक हात म्हणजे साधारण नऊ टक्के, एक पाय अठरा, छाती-पोट मिळून अठरा, पाठ अठरा, डोकं-चेहरा नऊ. आवाज घोगरा झाला असेल, नाकातले केस जळाले असतील, थुंकीत काजळी असेल, तर बाहेरून माणूस बरा दिसला तरी त्याच्या श्वासनलिकेत भाजलेलं असतं. तिथे सूज चढत जाते. त्याला आधी पाठवा.

डॉक्टर लोकांचा एक जुना हिशेब आहे. वय आणि भाजलेली टक्केवारी यांची बेरीज करा, ती शंभराकडे गेली की जीव धोक्यात. आज मोठ्या रुग्णालयांत त्याहून जास्त बेरजेची माणसंही वाचतात, पण तालुक्याच्या गावापासून दोन तासांवरच्या वाडीला जुना हिशेबच लागू पडतो. त्यामुळे सत्तर वर्षांच्या म्हातारीला दोन्ही हात आणि छाती भाजणंही पुरतं. कित्येकदा माणूस पहिल्या दिवशी शुद्धीवर असतो, बोलतो, घरच्यांना धीर येतो, आणि आठ-दहा दिवसांनी जंतुसंसर्गाने जातो. तोवर बातमीचा विषय संपलेला असतो. घर मात्र कर्जात गेलेलं असतं.

राहिला लावणाऱ्यांचा प्रश्न. आपल्या डोंगराला वीज पडून आग क्वचित लागते, बहुतेक वेळा ती माणूसच लावतो. गवत जाळलं की नवं चांगलं फुटतं, ही समजूत खोलवर आहे. पहिला हिरवा कोंब लवकर दिसतो हे खरं, पण वरचेवर जाळलेल्या उतारावरची माती पहिल्या पावसात वाहते, चवदार गवतं मागे पडतात आणि कुसळी माजते. माण-खटावच्या गावांनी उन्हातान्हात श्रमदान करून समतल चर खणले, त्यांच्या काठची रोपं एका बेजबाबदार काडीने गेलेली पाहिली की जीव तुटतो. उसाच्या पट्ट्यात पाचट जाळतात. हेक्टरी आठ-दहा टन सेंद्रिय माल धुरात जातो आणि बांधापलीकडचा उभा ऊस धोक्यात येतो. पाचट सरीत दाबा, कुट्टी करा. राखीव वनात आग लावणं वन अधिनियमाच्या कलम २६ खाली गुन्हा आहे, अभयारण्यात वन्यजीव संरक्षण अधिनियम १९७२ चं कलम ३० लागू होतं. पण मला गावात कायद्यापेक्षा गंजीचा हिशेब सांगितलेला जास्त चालताना दिसला आहे: जाळण्याऐवजी दिवाळीनंतर गवत कापून आणलं तर किती पेंढ्या झाल्या आणि विकतचा कडबा किती वाचला.

तरीही बांध पेटवायचाच असेल तर डिसेंबर-जानेवारीत, दव असताना, सकाळी नऊच्या आत विझेल इतकाच. वारा ज्या टोकाकडे वाहतो त्या टोकाकडून पेटवायचा, म्हणजे आग वाऱ्याविरुद्ध हळू सरकते. दोन्ही अंगांना हातभर रुंद माती आधीच उकरून, पाण्याची घागर आणि निदान तीन माणसं जवळ ठेवून. शेजाऱ्याला सांगून. साठीच्या पुढच्या माणसाने काडी लावायची नाही, ते काम घरातल्या तरण्याने करायचं.

तुमच्या शाळेकडून एवढं व्हावं. मुलांकडून वाडीचा नकाशा काढून घ्या: घरं, गोठे, गंज्या, विहिरी, लोंबत्या तारा, बाहेर पडायच्या वाटा. कोणत्या घरात अंथरुणाला खिळलेलं माणूस आहे, कोण एकटं राहतं, कुणाला ऐकू येत नाही, ते त्यावर लिहा, आणि प्रत्येकासमोर दोन तरण्यांची नावं घाला. दोन, कारण एक मुंबईला गेलेला असतो. नकाशाची एक प्रत सरपंचांकडे, एक वनरक्षकाकडे. वनखात्याची मदतवाहिनी १९२६ मुलांना पाठ असू दे. गंज्या घरापासून लांब न्यायला लावा, वळचणीचा पाचोळा झाडायला लावा. आणि ज्या पटांगणावर सगळ्यांनी जमायचं ठरेल, त्याच्या कडेचं गवत जानेवारीतच मुळापर्यंत काढून घ्या. तुमच्या शाळेच्या वरच्या अंगाला जर पडीक असेल, तर तिथे सहा-सात मीटर रुंद पट्टा तासून काढा. त्या कामाला मी स्वतः येतो, ग्रामसभेचा ठराव झाला की कळवा.